खरूज नव्हती, पदमीन

पदमीन, तू मला फसवलंस.

आपल्या गल्लीत कुणालाही विचारलं तर तो उलटं सांगेल. कौशल्याबाईनं पदमीनबाईवर आळ घेतला, तिचं वाकळा शिवणं बंद पाडलं, आठ वर्षं समोरच्या दाराकडं मान वर करून पाहिलं नाही, असंच सांगेल. ते सगळं खरं आहे. तरीही फसवलं तू मला. डोक्यावर स्टीलच्या भांड्यांची पाटी घेऊन मी परतूरपासून बदनापूरपर्यंत फिरले. जुने कपडे घेतले, भांडी दिली, आणि या देवघेवीत मला कुणाला उल्लू बनवता आलं नाही. तू मात्र एक शब्द गिळून बसलीस आणि मला आठ वर्षं मूर्ख ठेवलंस.

तुझा दहावा होऊन चार दिवस झाले. दुकानात गिऱ्हाईक नाही. समोर तुझं दार आहे, अर्धं लोटलेलं. मी थकले आहे. भांडायला आता अंगात जोर नाही, आणि भांडायला तू पण नाहीस. पण जे बोलायचं राहिलं ते ठेवून मला झोप लागत नाही, म्हणून लिहिते.

आपली ओळख भांडणातूनच झाली. मिळालेल्या कपड्यांतले धड मी बाजारात विकायची. विरलेली सुती लुगडी, धोतरं तू घ्यायचीस, वाकळेच्या आत घालायला. पहिल्याच दिवशी तू एक लुगडं उजेडासमोर धरलंस आणि म्हणालीस, "हे गेल्तं की ग कधीच. यातून माझं तोंड दिसून राह्यलं."

"मंग बघून घे तोंड. आरशाचे पैसे वाचले," मी म्हणाले.

तू हसलीस. मला गिऱ्हाईक हसलेलं आवडत नाही, हसणारं गिऱ्हाईक भाव पाडतं. तू पाडलासच. कापड उजेडासमोर धरायचं, आडव्या रेघेत सूत कुठं पातळ पडलंय ते बघायचं, हे मला आधीपासून येत होतं. पण तुझी नजर माझ्यापेक्षा तीक्ष्ण होती, हे मी तुला कधी बोलून दाखवलं नाही. आज दाखवते.

मला हिवताप आला तेव्हा तू आठ दिवस पेज करून आणलीस, आणि प्रत्येक वेळी म्हणालीस, "लवकर ऊठ बाई, तुझ्याशिवाय भाव करायला मजा न्हाई." हे दुकान घेताना मालक अडून बसला, तर तू पदर खोचून त्याच्यासमोर उभी राहिलीस. मी इतका वेळ ओरडून जे झालं नाही ते तू हळू बोलून केलंस. त्या दिवशी मला तुझा राग आला होता. उपकाराचा मला नेहमी आधी राग येतो. तुला ते माहीत होतं, आणि माहीत असूनही तू जे केलंस ते केलंस. त्यावर मी येते आहे.

शेठ घरात कसा आला ते तुला पाठ आहे. परतूरला एका बाईच्या नवऱ्याची बदली झाली होती. तिला झाकणासकट मोठं पातेलं हवं होतं आणि कपडे पुरत नव्हते. तिनं ओसरीवरचा पोपट पुढं केला. मी म्हटलं, पोपट घेऊन काय करू, मला पिंजरा दे. पिंजरा पितळी होता. अर्धा तास घासाघीस करून मी पिंजरा घेतला, पोपट वर मिळाला. तेव्हा घरोघरी राघू असायचे, ते पाळू नयेत असा कायदा आहे हे आपल्या कानावर पुष्कळ नंतर आलं. संध्याकाळी मी गल्लीत शिरले तर तू ओट्यावर बसून दोरा ओवत होतीस.

"कौशे, हे कोण आणलंस?"

"पिंजरा आणला."

"पिंजऱ्यात कुणीतरी बसलंय ग. नजर तर शेठाची आहे."

म्हणून तो शेठ. महिनाभरात तो माझं ऐकून "न्हाई परवडत" म्हणायला शिकला. गिऱ्हाईक भाव विचारायच्या आधीच पिंजऱ्यातून उत्तर यायचं. तू म्हणायचीस, "घरात एकच शेठ, तोही आत कोंडलेला." माझा नवरा लग्नाच्या तिसऱ्या वर्षी दुसरीकडं नांदायला गेला, त्यानंतर माझ्या घरात बोलणारं कुणी नव्हतं. संध्याकाळी ओट्याशी आले की पिंजऱ्यातून आवाज यायचा. तो आवाज काय म्हणतो याला काही अर्थ नव्हता. आवाज यायचा, एवढंच.

दुकान होण्याआधी मी फेरीवर असायची. सकाळी मूठभर मिरच्या आणि वाळकी डाळ टाकून जायची, कधी तिसऱ्या दिवशी परत यायची. पिंजरा माझ्या ओट्यावर टांगलेला असायचा, मी नसताना तो ओटाही तूच झाडायचीस. त्यामुळे दर पावसाळ्यात त्याची पिसं गळतात हे मी कधी पाहिलंच नव्हतं. तू केरात लोटून द्यायचीस.

मग तो उन्हाळा आला. परभणीला बहिणीचं ऑपरेशन होतं, मी तीन आठवडे गेले. शेठला तुझ्या घरी ठेवलं. परत आले तर तो मजेत होता, तू त्याला पेरू आणि भिजवलेले हरभरे घालत होतीस, पाण्याच्या ताटलीत अंघोळ करू देत होतीस. मी म्हणाले, "लाडावून ठेवलंस याला." तू म्हणालीस, "घेऊन जा तुझा शेठ. माझ्या घरी बसून मलाच म्हणतो न्हाई परवडत."

आषाढ लागला आणि पिंजऱ्याच्या तळाशी पिसं दिसू लागली. आधी डोक्यावरची बारीक. मग पंखाचं एक लांब पीस पडलं, दुसऱ्या दिवशी दुसऱ्या पंखाचं तसंच. मग शेपटीतली. दुकान आता गल्लीतच होतं, मी दिवसभर समोर असायची, त्यामुळे प्रत्येक पीस मला पडताना दिसत होतं. डोक्यावर बाभळीच्या काट्यासारखे टोकदार कोंब उगवले होते. तो ते तारेवर घासायचा. चिडचिडा झाला, बोलेना. माझा जीव वरखाली होऊ लागला.

पिठाच्या गिरणीच्या पलीकडं गच्चीवर गफूरचाचा कबुतरं पाळतात. पाखरांचं त्यांना कळतं म्हणून मी पिंजरा घेऊन खाली रस्त्यात उभी राहिले आणि ओरडले, "चाचा, राघूला काय झालं बघा की. सगळी पिसं जाऊन राह्यली."

त्यांनी वरूनच वाकून पाहिलं. त्यांची कबुतरं हवेत होती, अर्धं लक्ष तिकडं. ते काहीतरी ओरडले. गिरणीचा पट्टा फटफटत होता. मी पुन्हा विचारलं. ते पुन्हा ओरडले, "है, है, बाई. घबराओ नक्को." 'है, है' आणि 'घबराओ नक्को' यांच्या मध्ये जो एक शब्द होता तो मी ऐकला, 'खरूज'.

माझ्या आईनं आम्हा भावंडांना, शेळ्यांना आणि दारच्या कुत्र्याला एकाच वाटीतून खरजेचं औषध लावलं होतं. करंजाचं तेल आणि गंधक. मी तेच केलं. शेठला फडक्यात धरलं आणि बोटानं मानेला, छातीला, पंखाच्या बुडाला चोळलं. तो चावला, माझ्या बोटातून रक्त आलं, तरी मी चोळलं. सकाळ-संध्याकाळ चोळलं. पिसं चिकटून त्याच्या लडी झाल्या. तो ते तेल चोचीनं काढायला बघायचा, काढताना पीसच उपटायचा. मला वाटलं, खरूज वाढते आहे. मी तेल वाढवलं.

आता भांडणाकडं येते. गल्लीला फक्त माझा आवाज ठाऊक आहे, त्यात मला दिसलं काय होतं ते सांगते. गळलेलं शेपटीचं पीस मी सवयीनं उजेडासमोर धरलं. त्यात मधोमध एक आडवी रेघ होती, पातळ, विरलेल्या लुगड्यात असते तशी. दुसरं धरलं. त्यातही, त्याच अंतरावर. मी लुगड्यावरून सांगू शकते की ही बाई कुठल्या वर्षी अडचणीत होती. पिसावरची रेघ मला लगेच वाचता आली. उपास. हे पाखरू उपाशी राहिलं होतं. आणि ते माझ्याजवळ नव्हतं ते तीन आठवडे तुझ्याजवळ होतं.

मी नळावर आले. तू कळशी लावून उभी होतीस, चार बायका होत्या.

"माझ्या राघूला उपाशी ठेवलंस का ग?"

"काय?"

"हे बघ. रेघ बघ. मला शिकवू नको."

तू पीस हातात घेतलंस आणि उजेडासमोर धरलंस. रेघ होतीच. तुझ्याही नजरेला ती दिसली. मग तू म्हणालीस, "पिसं दर साली गळतात ग त्याची थोडी. मी झाडते की."

"माझ्या राघूचं मला सांगू नको. खरूज झाली त्याला. चाचानं सांगितलं. तुझ्या घरातून खरूज घेऊन आला तो. त्या चिंध्यांतून."

तू म्हणालीस, "चिंध्या तूच देती मला, कौशे."

चार बायका हसल्या. मला ते हसणं सहन झालं नाही. मग मी जे बोलले ते इथं लिहीत नाही. तुझ्या घराबद्दल बोलले, लेकरांच्या अंगाबद्दल बोलले, वाकळा शिवणाऱ्या तुझ्या हातांबद्दल बोलले. तू कळशी उचललीस आणि गेलीस. कळशी अर्धीच भरली होती.

त्या पावसाळ्यानंतर तुझ्या ओट्यावर कुणी जुने कपडे आणून टाकले नाहीत. खरजेच्या घरात शिवलेली वाकळ कोण पांघरणार? बायका मला कधी काही म्हणाल्या नाहीत, तुलाही म्हणाल्या नसतील. नुसतं येणं थांबलं. दिवाळीच्या आधीच तू सकाळच्या टेम्पोनं एमआयडीसीला बियाणं निवडायला जाऊ लागलीस. मी दुकान उघडत असायची तेव्हा तू डबा घेऊन समोरून जायचीस. मी पातेल्यांच्या चळती नीट करायची. त्या नीटच असायच्या.

शेठ आश्विनात गेला. छाती पूर्ण उघडी पडली होती, पोट, मांड्या, सगळं. पंखात मोठ्या पिसाचा नवा कोंब आला होता, तो त्यानं चोचीनं तोडला आणि त्या नळीतून रक्त थांबेना. मी हळद दाबली, फडकं दाबलं. एक गोष्ट मला तेव्हाही दिसली होती, पण समजली नाही. अंग सगळं उघडं, आणि डोकं मात्र नव्या पिसांनी भरलेलं, हिरवंगार, मखमलीसारखं. खरूज डोक्याला सोडून कशी देते, हा प्रश्न मी स्वतःला विचारला नाही. मी असले प्रश्न न विचारणारी बाई नाही. कपड्याच्या बाबतीत मी दहा प्रश्न विचारले असते.

तिसऱ्या दिवशी तू आलीस. हा दिवस मी गेल्या चार दिवसांत इतक्या वेळा आठवला की त्याच्या कडा झिजल्या. तू टेम्पोला गेली नव्हतीस. गिरणीच्या बाजूनं भरभर आलीस, चेहऱ्यावर काहीतरी होतं, दुकानाची पहिली पायरी चढलीस आणि म्हणालीस, "कौशे, ऐक."

मग तुझी नजर बाजूला गेली. पिंजरा घासून उन्हात उपडा घातला होता.

मी म्हणाले, "काय? बघायला आली का?"

"न्हाई."

"मंग कशाला?"

तू पिंजऱ्याकडंच बघत होतीस. "असंच."

"असंच कोण येतं? कामाचा खाडा करून?"

तू दुसऱ्या पायरीवर पाय ठेवला होतास तो मागं घेतलास. तुझ्या मुठीत काहीतरी होतं, मला वाटलं पदराचं टोक. "येते," म्हणालीस. आपल्यात निरोप घेताना 'येते' म्हणायची पद्धत आहे म्हणून म्हणालीस. त्यानंतर तू कधी आली नाहीस.

मला वाटलं, माफी मागायला आलेली आणि ताठ्यानं परत गेलेली बाई. आठ वर्षं मी त्या ताठ्यावर राग पोसला. तू तुझ्या लेकीच्या, रेखाच्या लग्नाची पत्रिका पाठवलीस, मी गेले नाही. तुझा पाय मोडला होता, मी रस्त्याच्या या बाजूनंच बघितलं. एकदा वीज गेली होती, सगळी गल्ली ओट्यावर बसली होती, तू तुझ्या बाजूला, मी माझ्या. कुणीतरी शेठची आठवण काढली, "न्हाई परवडत" म्हणून नक्कल केली, सगळे हसले. तू हसली नाहीस. मला वाटलं, मनात काळं आहे.

दहाव्याला मी आले. येणार नव्हते. रेखानं स्वतः येऊन हाक मारली म्हणून आले आणि भिंतीला टेकून बसले. गफूरचाचा आले, आता त्यांना दिसत कमी, नातवाचा हात धरून आले. माझा आवाज ओळखून माझ्याजवळ बसले. बोलायला काहीतरी हवं म्हणून म्हणाले, "बाई, वो तुम्हारा तोता था ना, कुरीजवाला. पदमीनबाई उसके वास्ते मेरे पास आई थीं."

मी म्हटलं, "कसला वाला?"

"कुरीज."

"खरूज म्हणा चाचा."

ते हसले. "वो भी यहीच बोलीं, चाचा खरूज है क्या. मैं बोला, नक्को बाई, खरूज नहीं. कुरीज. पंछी साल में एक बार पुराने कपड़े उतारता, नए पहनता. उसको कुरीज बोलते हम लोगां."

पदमीन, मी तिथंच बसून राहिले. बायका सुपारी कातरत होत्या. चाचा सांगत होते आणि मी एकेक गोष्ट ऐकत होते. कुरीज असली की पिसं जोडीनं गळतात, या पंखाचं एक, त्या पंखाचं एक, म्हणजे उडताना तोल जाऊ नये. खालची कातडी स्वच्छ असते. जुनं गळतं तिथं कोंब येतो, कोंबात रक्त असतं, म्हणून तो दुखतो, म्हणून पाखरू चिडतं आणि गप्प बसतं. तेव्हा त्याला भिजवलेलं धान्य द्यायचं, पाला द्यायचा, अंघोळीला पाणी ठेवायचं, आणि हात लावायचा नाही. आजारात पिसं ठिगळासारखी जातात, कातडी लाल होते, पाखरू स्वतः उपटतं. स्वतः उपटत असेल तर ओळखायचं कसं? डोकं बघायचं. आपल्या चोचीनं त्याला आपलं डोकं उपटता येत नाही. अंग उघडं आणि डोकं भरलेलं असेल तर ते त्याचंच काम, आणि त्याला तसं करायला लावणाऱ्याचं.

"तेल लावलं तर?" मी विचारलं.

"तेल कायकू? उसका तेल अल्लाहने उसकी दुम पे रखा. बाहर का तेल लगाए तो पंछी पागल हो जाता, नोचता अपने कू. मैंने पदमीनबाई को बोला, तुम्हारी सहेली को बोलो, तेल लगाती होगी तो बंद करे."

मग मी रेघेचं विचारलं. ते म्हणाले, पिसाला रेघ पडते ते पीस उगवताना पाखराला खायला कमी पडलं तर. आणि आज गळतं ते पीस आज उगवलेलं नसतं. ते गेल्या साली उगवलेलं असतं.

गेल्या साली, पदमीन. त्याच्या आदल्या पावसाळ्यात मी दुकान मांडायच्या खटपटीत फेऱ्या दुप्पट केल्या होत्या. मूठभर मिरच्या, वाळकी डाळ, आणि तिसऱ्या दिवशी परत. ती रेघ माझी होती. तुझ्या घरच्या तीन आठवड्यांच्या खाण्यानं जी पिसं आली, ती डोक्यावरची हिरवीगार.

मी चाचाला एकच विचारलं. ती कधी आली होती तुमच्याकडं? ते म्हणाले, त्या साली दिवाळीच्या थोडं आधी, एका सकाळी आली होती, मुठीत पीस होतं, ओट्यावर उडून आलेलं. सगळं ऐकून तिथून उठली ती सरळ तुमच्या दुकानाकडं गेली, मी गच्चीवरून पाहिलं.

सरळ माझ्या दुकानाकडं. आणि पिंजरा उन्हात उपडा होता.

सगळे गेल्यावर मी रेखाला धरलं. ती आधी सांगेना. मग म्हणाली, "मावशी, मला माहीत होतं. आईनं शपथ घातली होती."

"काय म्हणाली?"

"म्हणाली, कौशीच्या घरात तेवढंच एक बोलणारं होतं. ते तिच्याच हातानं गेलं, हे तिला कशाला सांगायचं. खरूज आपली राहू दे."

खरूज आपली राहू दे. आठ वर्षं तू ती सांभाळलीस. टेम्पोत उभी राहून गेलीस, ज्या हातांनी असे बारीक टाके घातले त्या हातांनी चाळणीवर वाकून बियाणं निवडलंस, आणि एका शब्दात मोकळी होऊ शकत होतीस.

आधी मी तुझं देणं देते. हे वाचणाऱ्या सगळ्यांसाठी लिहून ठेवते, आणि गल्लीत तोंडानंही सांगत फिरते आहे, चार दिवसांत निम्म्या घरी सांगून झालं. पदमीनच्या घरात खरूज कधी नव्हती. तिच्या चिंध्यांत नव्हती, लेकरांच्या अंगावर नव्हती, हातांत तर नव्हतीच. राघू धडधाकट होता, नवी पिसं घालत होता, तो माझ्या तेलानं गेला. काल समोरची म्हातारी म्हणाली, "आता कशाला ग बाई, गेली ती." मी म्हटलं, ती गेली, मी आहे ना. ऐकून घ्या.

हे झालं. आता तुझ्याकडं वळते.

दोन महिने तू रागात बसलीस, तो राग तुझ्या हक्काचा होता, त्याबद्दल माझं काही म्हणणं नाही. माझं भांडण त्या पायरीशी आहे. तू मला दया दिलीस, पदमीन. मला न विचारता. मी जन्मात कुणाकडून काही फुकट घेतलं नाही, आणि तू हे असं माझ्या पदरात टाकून गेलीस की मला आठ वर्षं कळलंही नाही मी काय घेऊन फिरते आहे.

तू सांगितलं असतंस तर काय झालं असतं ते मला माहीत आहे. मी तुला खोटी म्हटलं असतं. चाचाशी भांडले असते. मग दार लावून घेतलं असतं, महिनाभर दुकान उघडलं नसतं, रडले असते. आणि मग एक दिवस तुझ्या ओट्यावर येऊन बसले असते, तू मान वर न करता दोरा ओवत राहिली असतीस, आणि बोलायला सुरुवात कुणी करायची यावरून अर्धा दिवस गेला असता. पण सुरुवात झाली असती. तुझ्या वाकळा परत सुरू झाल्या असत्या. रेखाच्या लग्नात मी रुखवत मांडलं असतं. तुझा मोडलेला पाय मी शेकला असता. एवढं सगळं तू माझ्याकडून काढून घेतलंस, आणि त्याला माया समजलीस.

रेखाला विचारून उपयोग नाही, तिला शपथ होती. चाचांना वाटलं तू सांगितलं असशील. गल्लीला काही पडलेली नाही. उत्तर देणारी तू एकटीच आहेस. मी दोन शिव्या हासडते म्हणून मला खरं पेलणार नाही, हे तू कशावरून ठरवलंस? माझं काळीज केवढं आहे ते मला न विचारता तू मोजलंस, आणि लहान मोजलंस. कुणाला विचारून? सांग पदमीन. मी इथंच बसले आहे.